लोणी, मध, अंडं वगळून ओट्सच्या कुकीज



गेल्या वर्षभरात ओट्सच्या कुकीजची रेसिपी मला निदान दहा जणींनी पाठवली असेल. कोणी व्हिडिओ पाठवला, कोणी मासिकातलं पान फोटो काढून पाठवलं. प्रत्येकीचा निरोप एकच, "खूप हेल्दी आहेत, नक्की करा." रेसिपी मात्र उघडली की पहिल्या तीन ओळींतच अडायला होतं. लोणी म्हणजे बटर शंभर ग्रॅम, मध चार चमचे, अंडं एक. आपल्याकडे चार महाविगई सांगितल्या आहेत, मद्य, मांस, मध आणि लोणी. त्यातल्या दोन इथे पहिल्या दोन ओळींत, आणि अंड्याचा तर प्रश्नच नाही. मग त्या रेसिपीतून आपल्या वाट्याला उरतं काय? ओट्स, पीठ आणि चिमूटभर मीठ.

माझं मत आधीच सांगून टाकते, म्हणजे शेवटपर्यंत वाट बघायला नको. ओट्सच्या कुकीज घरी जरूर कराव्यात. आपल्या नियमांत बसवून त्या छान होतात आणि पुड्यातल्या बिस्किटांपेक्षा शंभर पटीने बऱ्या असतात. पण त्यांना "हेल्दी" हे नाव देऊन घरातल्या शुगरवाल्या माणसासमोर ताटली ठेवू नये. त्या गोड बिस्किटंच आहेत. ओट्स घातले म्हणून गोडाचं औषध होत नाही.

हे मी इतकं ठासून सांगते त्याला कारण आहे. आमच्या ह्यांना शुगर आहे, बारा वर्षं झाली. चहाला साखर नाही, मिठाई नाही, सगळं पथ्य पाळतात. पण कोणाकडे बसायला गेलं की, "घ्या हो, गुळाच्या आहेत, ओट्सच्या आहेत, तुम्हाला चालतात," असं म्हणून चार-चार कुकीज पुढे येतात. देणाऱ्या बाईचा हेतू चांगलाच असतो. नाही म्हणावं तर तिला वाईट वाटतं. आणि "हेल्दी" शब्द कानावर पडला की पथ्य पाळणाऱ्या माणसाचाही हात सैल होतो. पेढ्याला ते पटकन नाही म्हणतात, ओट्सच्या कुकीला म्हणत नाहीत.

मी कॉमर्सची. लग्नानंतर दुकानाच्या वह्या काही वर्षं मीच लिहिल्या. त्यामुळे कोणी "फायद्याचं आहे" म्हटलं की मला आधी जमा-खर्च मांडून बघायची सवय. तो हिशेब पुढे मांडतेच, पण आधी बाजारातल्या पुड्याचं बोलू, कारण घरी करायची पाळी तिथूनच येते.

आमचं पहूर म्हणजे चौफुलीचं गाव. जळगावहून अजिंठ्याकडे जाणाऱ्या गाड्या इथूनच जातात, जामनेर आणि शेंदुर्णीचे रस्ते इथेच फुटतात. रस्त्यावरचं गाव असल्याने दुकानांत सगळ्या तऱ्हेचे पुडे लटकलेले असतात, आता त्यात ओट्सचेही आले. पुड्याच्या पुढच्या बाजूला ओट्सची ओंबी काढलेली, हिरवं पान काढलेलं. मैत्रिणींनो, पुडा उलटा करा. मागे बारीक अक्षरात घटकांची यादी असते आणि ती वजनाच्या उतरत्या क्रमाने द्यावी लागते, जे सर्वांत जास्त ते पहिलं. ओट्सचा म्हणून घेतलेल्या पुड्यावर पहिला मैदा, मग साखर, मग पामतेल आणि त्यानंतर ओट्स, असं मी स्वतः वाचलं आहे. ज्याच्या नावाने माल विकतात तो घटक किती टक्के आहे हेही यादीत कंसात छापलेलं असतं. ते वाचलं की अर्ध्या पुड्यांचा मोह सुटतो.

दुसरं, हिरवा ठिपका. आपल्या कितीतरी जणी हिरवा ठिपका बघून निश्चिंत होतात. तो ठिपका सांगतो की यात मांस नाही, अंडं नाही. दूध, लोणी आणि मध यांना त्या कायद्यात शाकाहारीच धरलंय. कांदा-लसूण तर शाकाहारी आहेतच. म्हणजे मध घातलेल्या, लोणी घातलेल्या कुकीच्या पुड्यावर हिरवा ठिपका असतो आणि तो कायद्याप्रमाणे बरोबरच असतो. तो ठिपका जैन ठिपका नव्हे. माझा नातू पुण्याला शाळेत आहे. त्याला मी एवढंच शिकवलंय की ठिपका बघायचा आणि मग यादीही वाचायची. मध हा शब्द इंग्रजीत कसा लिहितात ते त्याला पाठ आहे. मागच्या सुट्टीत दुकानात उभा राहून मोठ्याने वाचत होता, दुकानदार हसायला लागले.

पूर्वी वनस्पती तुपाचं मोठं भय नव्हतं, कारण कोणाला माहीतच नव्हतं. डालडा १९३७ साली बाजारात आला आणि आपल्या आधीच्या पिढीने तो विश्वासाने खाल्ला. त्यातल्या ट्रान्स फॅटने हृदयाचं नुकसान होतं हे फार नंतर कळलं. आता १ जानेवारी २०२२ पासून तेल-तुपात आणि ते घालून केलेल्या पदार्थात, एकूण तेल-तुपाच्या मानाने ट्रान्स फॅट दोन टक्क्यांहून जास्त नको असा नियम आहे. ही चांगलीच गोष्ट झाली. पण सुटी बिस्किटं, खारी, टोस्ट कशात भाजलेत हे कोण सांगणार?

माझ्या सासूबाई ह्या बाबतीत फार कडक. दिवाळीआधी गावोगावी जशी पद्धत होती तशी इथेही होती. घरून पीठ, साखर, तूप न्यायचं आणि बेकरीच्या भट्टीवर नानकटाई भाजून आणायची, किलोवर मजुरी द्यायची. सासूबाईंना दोन शंका. एक म्हणजे आपलं साजूक तूप ठेवून घेतील आणि डालडा घालतील, आणि दुसरी म्हणजे ज्या पत्र्यावर अंड्याचे केक भाजले त्याच पत्र्यावर आपली नानकटाई ठेवतील. म्हणून नानकटाई घरीच व्हायची, जाड बुडाच्या पातेल्यात मीठ तापवून, वर झाकण, झाकणावर निखारे. आजच्या ओव्हनमध्ये जे होतं तेच, खालून-वरून कोरडी आच. म्हणून मी म्हणते, "आपल्याकडे बेकिंग नव्हतं" असं समजू नका. नानकटाई सुरतेच्या जुन्या बेकऱ्यांतून आली असं सांगतात, पण जैन घरांत ती अंड्याशिवाय आणि तुपात कधीची रुजली आहे. ओट्सची कुकी म्हणजे आपल्या नानकटाईची परदेशी मावसबहीण. त्या नात्याने तिच्याकडे बघितलं की करणं सोपं जातं.

आता एकेक करून वगळलेल्या वस्तूंचं बघू.

लोण्याच्या जागी तूप. पण शंभर ग्रॅम बटरला शंभर ग्रॅम तूप घेतलं तर कुकी पसरते, हाताला तूप लागतं आणि मुलं "दादी, ऑइली झालंय" म्हणतात. कारण बटरमध्ये साधारण ऐंशी टक्के स्निग्धांश असतो, बाकी बहुतेक पाणी. तूप म्हणजे सगळा स्निग्धांशच. म्हणून शंभरच्या जागी ऐंशी घ्यायचं आणि गेलेल्या पाण्याच्या जागी दोन चमचे दूध. तूप थिजलेलं हवं, पातळ नको. गुळाबरोबर हाताने फेसायचं, रंग फिका होईपर्यंत. आपल्या खानदेशच्या एप्रिल-मे महिन्यात तूप थिजतच नाही, तेव्हा वाटी थोडा वेळ फ्रिजमध्ये ठेवावी लागते.

मधाच्या जागी गूळ. काळसर गूळ घ्या, पिवळाधमक नको. गूळ किसून घ्यावा, खडे राहिले तर ते भाजताना वितळून जळतात. अंजीर घालून गोडवा आणायचा असंही एका रेसिपीत होतं. आपल्यापैकी अनेक घरांत अंजीर चालत नाही, त्यांनी खजूर घ्यावा. व्हॅनिला इसेन्सच्या काही बाटल्यांत अल्कोहोल असतं, बाटली वाचून घ्या, नाहीतर सरळ वेलदोडा आणि सुंठ घाला. आलं चालत नाही पण वाळवलेली सुंठ चालते, आणि ओट्सबरोबर सुंठेची चव दालचिनीपेक्षा सुरेख लागते, हे माझं मत.

अंड्याचं काम दोन प्रकारचं, पीठ धरून ठेवणं आणि ओलावा देणं. पहिल्यासाठी एक चमचा जवसाची पूड तीन चमचे पाण्यात भिजवून दहा मिनिटं ठेवा, चिकट होते. जवस आपल्या चटणीच्या डब्यात असतोच. दुसऱ्यासाठी दूध पुरतं. काही जणी दही घालायला सांगतात. तिथे एक लक्षात ठेवा. पिठात बेसन असेल आणि दही कच्चं असेल तर द्विदल होतं. ओव्हनमध्ये नंतर भाजलं जाणार आहे म्हणून चालतं असं नाही, कालवतानाच दोष लागला. दही घालायचंच असेल तर आधी गरम करून घ्या, किंवा बेसन वगळा. मी दोन्ही वगळते.

यीस्टचा इथे संबंध नाही, हे एक बरं. कुकी फुगते ती सोड्याने, आंबवून नव्हे. त्यामुळे ब्रेड न खाणाऱ्या घरांतही ही अडचण येत नाही.

आता ओट्स. ह्यावर मला थोडं जास्त बोलायचंय, कारण इथेच सगळा घोळ आहे. ओट्स वाईट नाहीत. त्यात बीटा-ग्लुकन नावाचा एक विरघळणारा तंतू असतो, भिजवल्यावर जो बुळबुळीतपणा येतो तोच. त्याने कोलेस्टेरॉल थोडं उतरतं हे सिद्ध आहे, आणि अमेरिकेच्या सरकारी खात्याने १९९७ मध्ये तसं पुड्यावर छापायची परवानगी दिली. तिथून ओट्सचं नशीब उघडलं. आपल्याकडे हे पीक घेतात ते मुख्यतः जनावरांच्या चाऱ्यासाठी, दुभत्या गाईंना घालतात. शेतकऱ्याघरच्या बाईला ओट्स म्हटलं की अजून चाराच आठवतो.

पण त्या १९९७ च्या परवानगीत एक आकडा होता. रोज ३ ग्रॅम बीटा-ग्लुकन पोटात जायला हवं. त्यासाठी साधारण ६० ते ७५ ग्रॅम कोरडे ओट्स खावे लागतात. आणि तेही कमी संपृक्त स्निग्धांशाच्या आणि कमी कोलेस्टेरॉलच्या आहाराबरोबर, हे त्याच नियमात आहे. हा आकडा कुकीच्या रेसिपीत कोणी लिहीत नाही.

आता तंतूचंच म्हणाल तर हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेने २०१७ साली अन्नघटकांचे तक्ते काढलेत. त्यात शंभर ग्रॅमला ज्वारीत दहा ग्रॅमच्या आसपास तंतू, गव्हाच्या कणकेत अकराच्या आसपास आणि मैद्यात तीनहून कमी. ओट्समध्येही दहाच्या आसपासच. म्हणजे मैदा काढून कणीक किंवा ज्वारी घातली की खरा फायदा झाला. ओट्सचा तंतू जातीने वेगळा आहे, एवढाच काय तो फरक. तो फरक मी नाकारत नाही. पण आपली दादर ज्वारी, जिची भाकरी खाऊन आपली मुलं वाढली, ती ओट्सपुढे मान खाली घालून उभी राहावी असं काही नाही. २०२३ हे वर्ष जगभर भरडधान्यांचं वर्ष म्हणून साजरं झालं, तेही भारताच्या प्रस्तावावरून. तेव्हा शहरातल्या दुकानांत ज्वारीची बिस्किटं आली आणि आपल्याच सुना ती कौतुकाने घेऊन आल्या. मला हसू आलं, पण बरंही वाटलं.

म्हणून मी निम्म्याने करते. नुसत्या ज्वारीची कुकी हातात घेतली की भुगा होतो, तिच्यात गव्हासारखा चिकटपणा नाही. नुसत्या ओट्सची खाताना दाताला चिकटते. दोन्ही मिळून थोडी कणीक घातली की बरोबर जमतं. माझं प्रमाण असं. ओट्स १०० ग्रॅम, त्यातले निम्मे मिक्सरला एकदाच फिरवलेले. कणीक ७० ग्रॅम, ज्वारीचं पीठ ५० ग्रॅम. थिजलेलं तूप ७० ग्रॅम, किसलेला गूळ ८० ग्रॅम. दूध दोन ते तीन चमचे, भिजवलेला जवस एक चमचा, पाव चमचा खायचा सोडा, मीठ चिमूटभर, सुंठ-वेलदोडा. ओट्स आणि ज्वारीचं पीठ कोरड्या कढईत वेगवेगळं मंद भाजून घ्यायचं, कच्चट वास जातो. तूप-गूळ फेसायचा, बाकी सगळं मिसळायचं, पण पोळीच्या कणकेसारखं मळायचं नाही. अर्धा तास झाकून ठेवायचं, ओट्स ओलावा ओढून घेतात. मग वीस गोळे करून चपटे करायचे. ओव्हन १६० अंशांवर, पंधरा ते अठरा मिनिटं. गुळामुळे खालून लवकर लाल होतात, शेवटची पाच मिनिटं समोरून हलू नका. बाहेर काढल्यावर मऊ लागतात, तशाच असायला हव्यात, गार झाल्या की खुटखुटीत होतात. ओव्हन नसेल किंवा नेमकी लाइट गेली असेल, तर जाड कढईत मीठ दहा मिनिटं तापवून, वर स्टँड आणि ताटली, झाकण, मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटं. सासूबाईंचीच रीत.

केळ्याचं विचारतात सगळ्या. जळगावची केळी आपल्या दारात, २०१६ साली तिला भौगोलिक मानांकनही मिळालं. एक चांगलं पिकलेलं केळं कुस्करून घातलं तर गूळ निम्मा करता येतो आणि जवसाचीही गरज राहत नाही. पण मग ती कुकी मऊ होते, केकसारखी, आणि दुसऱ्या दिवसापर्यंतच टिकते. तिथीला पिकलेलं केळं चालतं की नाही यावर घराघरांत वेगळी रीत आहे, ज्याने त्याने आपल्या घरची बघावी.

आता तो जमा-खर्च. वर दिलेल्या प्रमाणाच्या वीस कुकीज धरा. एका कुकीत ओट्स ५ ग्रॅम, गूळ ४ ग्रॅम, तूप साडेतीन ग्रॅम. एकूण ऊर्जा साधारण ८५ कॅलरी. दोन कुकीज म्हणजे १७०, म्हणजे ५० ग्रॅम पिठाची एक लहान ज्वारीची भाकरी. भाकरीने पोट भरतं, दोन कुकींनी जिभेला फक्त आठवण होते.

आणि बीटा-ग्लुकनचा फायदा हवा म्हणून ६० ग्रॅम ओट्स कुकीतून खायचे ठरवले तर किती कुकीज? बारा. त्यांच्याबरोबर ४८ ग्रॅम गूळ, ४२ ग्रॅम तूप आणि हजारावर कॅलरी. कोलेस्टेरॉल उतरवायला निघालो आणि अर्धी वाटी गूळ खाऊन आलो. एक रुपया वाचवायला दहा रुपयांची रिक्षा करण्यासारखं झालं हे. ज्यांना खरंच ओट्सचा गुण हवा त्यांनी ताकातले किंवा मुगाच्या डाळीबरोबर शिजवलेले ओट्स खावेत, त्यात गूळही नको आणि एवढं तूपही नको. (ताकात करायचे तर डाळ वेगळी, द्विदलाचं वर सांगितलंच.)

गुळाबद्दल तर मला हात जोडून सांगायचंय. गूळ साखरेपेक्षा बरा, त्यात थोडं लोह आहे, रंग-चव आहे, हे सगळं मान्य. पण रक्तात गेल्यावर तो साखरच होतो. जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ मध्ये सांगितलं की वरून घातलेली साखर दिवसभराच्या ऊर्जेच्या दहा टक्क्यांच्या आत हवी आणि पाच टक्क्यांच्या आत असेल तर उत्तम. पाच टक्के म्हणजे साधारण २५ ग्रॅम. मध, गूळ, साखर सगळं त्यात आलं. दोन चमचे साखरेचे दोन चहा घेतले की १६ ते २० ग्रॅम तिथेच संपले. वर दोन कुकीज म्हणजे ८. निरोगी माणसाचा दिवसाचा हिशेब इथेच पुरा झाला. शुगर असलेल्या माणसाने काय करायचं ते त्याच्या डॉक्टरांना विचारावं, रेसिपी पाठवणाऱ्या मैत्रिणीला नव्हे.

माझी सून यावर म्हणते, "मम्मीजी, मुलं गोड खाणारच. तुम्ही एवढा हिशेब मांडला तर ती बाहेर जाऊन पुडाच फोडतील." तिचं म्हणणं खरं आहे, आणि म्हणूनच मी कुकीज करते. घरची कुकी आणि पुड्यातली कुकी यांत निवड असेल तर घरची. घरात काय पडलं ते आपल्याला माहीत असतं, तूप साजूक आहे, पीठ चाळून घेतलंय, ओट्सचा डबा बघून घेतलाय. (ओट्स चाळता येत नाहीत, ताटात पसरून निवडावे लागतात. पावसाळ्यात हे विसरू नका, उघडलेल्या पाकिटात जीव लवकर होतात.) पण माझ्या सुनेच्या बोलण्यातली दुसरी बाजू अशी की "घरचं आहे" म्हटलं की मोजमाप सुटतं. पुड्यातली बिस्किटं चार असतात, संपतात. घरचा डबा भरलेला असतो, येता-जाता हात जातो.

मोजमापाची रीत आपल्याला बाहेरून शिकायची गरजच नाही. एका कुकीत तूप, गूळ, दूध अशा तीन विगई. ज्या दिवशी विगईचा त्याग असतो त्या दिवशी हे आपोआप बाजूला राहतं. द्रव्यमर्यादा करणाऱ्या बाईला कुकी खायची असेल तर दुसरं एखादं द्रव्य सोडावं लागतं. आणि उणोदरी, भुकेपेक्षा चार घास कमी, हे तर बाह्य तपातलं दुसरं तप. माझ्या जेठानीबाई पंचाहत्तरच्या पुढे आहेत. त्यांनी कॅलरी हा शब्द कधी उच्चारला नसेल. पण ताटात दुसऱ्यांदा गोड घेतलेलं मी त्यांना कधी पाहिलं नाही, आणि त्यांचे रिपोर्ट बघून डॉक्टर विचारतात की ह्या खातात काय. आपण मात्र त्यांना ओट्सचे फायदे समजावून सांगतो.

परदेशी पुस्तकांत मुलं रात्री झोपताना दूध आणि कुकी खातात. त्या चित्रामुळे आपल्या सुनाही रात्री नऊ वाजता दूध-कुकी देतात, त्याही घरात जिथे मोठी माणसं चौविहार करतात. मला वाटतं कुकीची वेळ संध्याकाळची, शाळेतून आल्यावरची. खेळायला जायच्या आधी दोन दिल्या की पचतातही आणि सूर्यास्ताच्या आत आटोपतातही.

किती दिवस ठेवाव्यात? आपल्यापैकी ज्या घरांत मिठाईचा काळ पाळतात तिथे चौमासात १५ दिवस, हिवाळ्यात ३०, उन्हाळ्यात २० अशी मर्यादा आहे. दिगंबर घरांत पिठाची मर्यादा त्याहून कडक, पावसाळ्यात ३, उन्हाळ्यात ५, हिवाळ्यात ७ दिवस. पुड्यातल्या बिस्किटांवर सहा-सहा महिन्यांची तारीख असते, त्यांचं पीठ कधीचं ते कोणास ठाऊक. पिठाची मर्यादा ठरवणाऱ्यांना बाजरीचं पीठ आठवड्यात कडू होतं हे नक्की माहीत असणार. धान्यातली चरबी दळल्यावर खवट व्हायला लागते. ओट्समध्येही चरबी जास्त असते, म्हणून कारखान्यात ते आधी वाफवून मग चपटे करतात, तेव्हा कुठे टिकतात. घरी पीठ ताजं दळून, थोड्याच कुकीज करून, आठ-दहा दिवसांत संपवणं हेच मला सोयीचं पडतं. पावसाळ्यात तर त्या तिसऱ्या दिवशीच मऊ पडतात, तेव्हा दहाच करते.

शेवटी थोडं त्या मैत्रिणींसाठी, ज्या ह्या कुकीज करून विकतात. पर्युषणानंतर आणि दिवाळीत आपल्या कितीतरी बायका घरून ऑर्डर घेतात, जामनेरला, जळगावला पाठवतात, पोस्टाने पुण्या-मुंबईलाही. मला त्यांचा अभिमान आहे, चार पैसे स्वतःच्या हाताचे मिळवणं सोपं नाही. पण डब्यावर "शुगर फ्री, गुळाच्या" असं लिहिलेलं मी पाहिलंय. घरगुती विक्रीलाही अन्नसुरक्षा खात्याची नोंदणी लागते आणि त्या खात्याच्या नियमाप्रमाणे शुगर फ्री म्हणजे शंभर ग्रॅममध्ये अर्ध्या ग्रॅमहून जास्त साखर नाही. गूळ घातलेल्या डब्यावर "साखर घातलेली नाही" असंही लिहिता येत नाही, कारण तिथे गूळ साखरेतच मोजतात. त्याऐवजी सरळ लिहा, "कणीक, ज्वारी, ओट्स, साजूक तूप, गूळ. मध, लोणी, अंडं नाही. एका कुकीत गूळ ४ ग्रॅम." खाली केल्याची तारीख. आपल्या बायका ती चिठ्ठी वाचतील आणि त्या चिठ्ठीवरच डबा घेतील. आणि ज्याच्या घरी शुगरचा माणूस आहे, तिला किती द्यायच्या ते चार ग्रॅमच्या आकड्यावरून ठरवता येईल.